करवंदाची चटणी आणि सातपाटीचे कायदे

माशाला गोड लावणारा माणूस माझ्या लेखी मासे खाणारा नव्हताच. माहेर सातपाटीचं. त्यामुळे हे मत मला कमवावं लागलं नाही, ते घरातच होतं. पापलेटाला मीठ, हळद, तिखट आणि चिंचेचा कोळ. बोंबलाला तांदळाचं पीठ. घोळीच्या तुकडीला फार तर आलं-लसूण. ज्या माशाला जास्त मसाला लावावा लागतो तो बंदरावरून उचलायलाच नको होता, असं आई म्हणायची. गूळ या कायद्यात कुठेच बसत नव्हता. गूळ पुरणपोळीच्या दिवशी, आणि त्या दिवशी घरात मासळी नाही.

पुढे बँकेत लागले, मुंबईत राहिले, लग्नाकार्यांतून आणि हॉटेलांतून खाणं वाढलं, तसं हे मत सैल होण्याऐवजी आणखी घट्ट झालं. तिथे भाजलेल्या पांढऱ्या माशावर आंब्याचा पिवळा रस्सा ओतून आणतात. वर पुदिन्याचं एक पान. मासा कोणता ते विचारलं की वाढणारा पोरगा आत जाऊन येतो आणि ‘बासा’ म्हणून सांगतो. त्या प्रकाराला मी तेव्हा नावं ठेवली, आजही ठेवते. माझं मत बदललं म्हणजे सगळ्याच बाबतीत बदललं असं कुणी समजू नये.

खरं तर माझ्या मताला भोकं होतीच, मी ती मोजत नव्हते. चैत्र-वैशाखात आमच्याकडे सुकटीत कैरी पडते. कोलंबीत कैरी पडते. गोव्यात आंबाडे घालतात, तळकोकणात कोकम घालतात, कुठे बिमलं. ही सगळी फळंच आहेत की. चिंच तरी दुसरं काय? पण ती आंबट म्हणून घातलेली, फळ म्हणून नव्हे, अशी मनाशी सोयीस्कर वाटणी करून ठेवली होती. आणि एकदा डहाणूला एका पारशी घरी केळीच्या पानातली पत्रानी मच्छी खाल्ली. हिरव्या चटणीत साखर चांगली जाणवत होती. ती मी दोनदा घेतली. घरी येऊन मात्र म्हटलं, पारशांचं वेगळं असतं.

दुसरा कायदा गोड्या पाण्याचा. खाडीच्या वरचा मासा तो मासाच नाही, असं आमच्याकडे सरसकट मानतात. रोहू, कटला, चिलापी ही नावं घेताना सातपाटीची माणसं नाक आधी मुरडतात, नाव नंतर घेतात. चिखलाचा वास येतो, काटे फार, चव नाही. म्हणून जव्हारला बदली झाली तेव्हा मी पहिला विचार केला तो मासळीचा. पालघरहून मनोर, विक्रमगड करत घाट चढला की समुद्राची मासळी बर्फातून येते, आणि ती बर्फातून आली आहे हे तिच्या डोळ्यांवरून कळतं. बाजारात जिवंतपणा असतो तो सुक्या मासळीला. बोंबील, जवळा, खारा बांगडा यांचे ढीग लागतात आणि आजूबाजूच्या पाड्यांवरून आलेल्या बाया ते हाताने चाचपून, वास घेऊन, भाव पाडून नेतात. त्यात माझंही निभलं असतं.

दाभोशाला गेले ती कर्जाच्या कामाला. महिला बचतगटाची फाइल होती, जागा बघून यायची होती. मे महिना. लेंडी नदीचा धबधबा पावसाळ्यात तीनशे फुटांवरून कोसळतो तेव्हा मुंबईच्या गाड्यांची रांग लागते. मेमध्ये तिथे कड्यावरून एक बारीक धार आणि खाली डोह, एवढंच. आजूबाजूचा डोंगर करपलेला. फक्त करवंदीच्या जाळ्या हिरव्यागार आणि फळांनी काळ्या झालेल्या. गटाच्या अध्यक्ष ताईंच्या अंगणात कागद भरून झाले तोवर दुपार झाली, आणि आता जेवल्याशिवाय मॅडमला सोडायचं नाही असं ठरलं. त्यांच्या मुलाने सकाळी बंधाऱ्यावरून मासे आणले होते. पाटीत बघितलं. चिलापी.

पोटात गोळा आला. पण दुसऱ्याच्या दारात बसून कसला कायदा सांगणार?

मग मी त्या कशा करतात ते बघत बसले. बँकेत आयुष्य काढलं तरी चुलीपाशी माझं लक्ष जास्त लागतं. पहिली गोष्ट खटकली ती पाणी. मासे धुवायला ताईंनी दोनच तांबे घेतले. आमच्याकडे आई नळाखाली एकेक मासा पाच-पाच मिनिटं धरायची. इथे मेमध्ये पाणी डोक्यावरून आणावं लागतं. शेजारच्या मोखाड्यात तर मध्य वैतरणासारखं धरण उभं आहे, त्याचं पाणी मुंबईच्या नळांना जातं आणि त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर फिरतात. मुंबईत राहिले तेवढी वर्षं मासे धुताना हा हिशोब माझ्या डोक्यात कधी आला नव्हता. तर दोन तांब्यांत काम भागवायचं म्हणून ताई पोट आधी साफ करत होत्या, कोरड्यानेच. आतड्यांबरोबर पोटाच्या आतून चिकटलेला काळा पापुद्रा नखाने खरवडून काढत होत्या, एक कण ठेवत नव्हत्या. पाणी लागलं ते शेवटी.

खवलं मात्र काढलीच नाहीत. मी न राहवून म्हटलं, “ताई, खवलं राहिली.”

“राहू देत मॅडम, ती जळायला लागतात.”

मग हिरवी कच्ची करवंदं मिठाबरोबर ठेचली, चीक हाताला लागू नये म्हणून बोटांना आधी तेल चोळलं, आणि तो ठेचा माशाच्या पोटात भरला. वरून हळद-मीठ. तीन दगडांवर तारेची जाळी, खाली ऐनाचे निखारे, ज्वाळ अजिबात नाही. मासा ठेवला की चर्र असा आवाज येईल म्हणून मी वाट बघत होते, तो आलाच नाही. खवलांमुळे आत मांस भाजत नव्हतं, आपल्याच पाण्यात शिजत होतं. खवलं वर उचलली गेली, काळी पडली, उलटताना जाळीला चिकटली नाहीत. माझ्याकडे खवलं काढलेला मासा जाळीला चिकटतो आणि निम्मी कातडी तिथेच राहते, हे मला आठवत होतं.

तेवढ्यात त्यांची सून पाट्यावर चटणी वाटत होती. पिकलेली काळी करवंदं, सुकी लाल मिरची चुलीत भाजून, लसूण, मीठ आणि मूठभर सुकी मोहाची फुलं, कोमट पाण्यात भिजवून फुगवलेली. शेवटी गुळाचा खडा. पाटा जांभळा झाला. मी मनात म्हटलं, ही पोळीबरोबर खाऊ, माशाला हात लावू देणार नाही.

ताईंनी मासा पळसाच्या पानावर घेतला, एका बाजूने बोट घालून कातडी खवलांसकट एका ओढीत सोलली आणि आतलं पांढरंशुभ्र मांस उघडं झालं. वाफ निघत होती. त्यावर त्यांनी मला न विचारता चटणी पसरली. पांढऱ्यावर जांभळा ओघळ काट्यापर्यंत गेला.

पहिला घास आंबट. मग मिरची. गोड सगळ्यात शेवटी, आणि तेही मोहाचं, जरा आंबूस, धुरकट, साखरेसारखं टोचणारं नव्हे. चिखलाचा वास मी शोधत होते, खोटं कशाला बोलू, मुद्दाम शोधत होते. सापडला नाही. भाकरी संपली आणि दुसरा मासा मी मागून घेतला.

इथपर्यंतची गोष्ट मी त्या उन्हाळ्यात खूप जणांना सांगितली. बँकेत सांगितली, भावजयीला सांगितली, आईला फोनवर सांगितली. आणि प्रत्येक वेळी एक वाक्य जोडत गेले: ‘अगं, पिढ्यान् पिढ्यांची पद्धत आहे ती, जंगलातल्या माणसांना बरोबर माहीत असतं.’ या वाक्याने माझी फार सोय झाली. सातपाटीचा कायदा जुना, तर दाभोशाचा त्याहून जुना. जुन्यापुढे जुनं झुकलं, माझी मान कुठे गेली नाही.

पावसाळ्यानंतर हप्त्याच्या कामाला ताई शाखेत आल्या. चहा मागवला आणि मी विचारलं, ही चटणी तुम्हाला आईने शिकवली का आजीने?

“नाय हो मॅडम,” ताई हसल्या. “ट्रेनिंगमध्ये शिकलो. जाम, लोणची, सरबत शिकवायला आले होते ना. करवंदाचा जाम खूप झाला, विकला नाही. मग त्यात मिरची घातली.”

आणि माशाला? ती सुनेची कल्पना. घरात पूर्वी मासा भाजायचे तो मीठ-मिरची लावून, नुसता. मोहाची फुलं गूळ वाचवण्यासाठी. सासूबाईंना, म्हणजे ताईंच्या सासूबाईंना, हे अजून पसंत नाही. त्या चटणी बाजूला सारून मासा खातात. म्हणजे दाभोशातही एक सातपाटी होतीच.

त्या दिवशी घरी जाताना मी चांगलीच अस्वस्थ होते. जीभ तीच, मासा तोच, चटणी तीच. पण ती पिढ्यान् पिढ्यांची नाही म्हटल्यावर तिची चव माझ्या आठवणीत उतरायला लागली, हे मी स्वतःशी पकडलं. बचतगटाच्या शिबिरातला न खपलेला जाम! हॉटेलातल्या आंब्याच्या रश्शाला मी नावं ठेवते, तोही कुणाच्या तरी डोक्यातून असाच निघाला असेल की. मग माझा आक्षेप गोडाला कधी होता का? मला माशाची चव कळते अशी माझी समजूत होती. प्रत्यक्षात मी त्याचं कूळ विचारत होते.

आणि कूळच काढायचं तर कुणाचं काढणार? चिलापी आफ्रिकेतली, ती आपल्याकडे आणली १९५२ साली, आणि मग धरणं, तलाव, नद्या सगळीकडे पसरली. इतकी, की उजनीच्या काठी ती आता तिथलीच वाटते. मिरची पोर्तुगीजांबरोबर आली. आईच्या ‘नुसत्या मीठ-तिखटा’तलं निम्मं, म्हणजे तिखट, असं बोटीतून उतरलेलं. त्या पाटीत खरोखर जुनं असं होतं ते करवंद, मोह आणि पळसाचं पान. आणि मला आक्षेप होता तो नेमका करवंद-मोहाला.

मुंबईत ‘आदिवासी थाळी’ म्हणून जे महाग ताट मिळायला लागलंय, त्याच्याकडे तेव्हापासून मी जरा तिरक्या नजरेने बघते. तिथेही आधी कूळ वाढतात, मग जेवण.

माझा स्वभाव हिशोबाचा. त्यामुळे चटणीने नेमकं काय केलं हे समजून घेतल्याशिवाय चैन पडेना. भाची मत्स्यविज्ञान शिकते, तिला धरून बसवलं. गोड्या पाण्याच्या माशाला येणारा मातकट वास जिओस्मिन नावाच्या द्रव्याचा. साचलेल्या पाण्यातलं निळं-हिरवं शेवाळ आणि काही जिवाणू ते तयार करतात. मासा ते कल्ल्यांतून ओढून घेतो आणि ते त्याच्या चरबीत जाऊन बसतं. माणसाचं नाक याच्यापुढे फार तिखट: लिटरभर पाण्यात ग्रॅमचा दहा कोटींवा भाग असला तरी आपल्याला कळतो. आणि पहिल्या पावसात मातीचा जो वास येतो, ज्यावर आपण कविता करतो, अत्तर काढतो, त्यातही मुख्य हेच द्रव्य. मातीतून आलं की छाती भरून घ्यायचं, माशातून आलं की नाक मुरडायचं. आंबटात ते मोडतं, त्याचा वास जातो. पोटातल्या कच्च्या करवंदांचं काम ते.

समुद्राच्या माशाचा वास निराळा. मासा शिळा होऊ लागला की त्याच्यातून एक अमोनियाच्या भावकीतलं द्रव्य सुटतं, त्याला चिंच-कोकमाचा आंबटपणा बांधून ठेवतो. म्हणजे आई आणि ताई दोघी आंबट लावतात आणि दोघी बरोबर, कारणं मात्र वेगळी.

पण मला खरं पटलं ते पुढचं. समुद्राच्या खारटपणाशी तोल राखायला तिथल्या माशाला आपल्या मांसात ग्लायसीनसारखी द्रव्यं साठवावी लागतात, आणि ग्लायसीन चवीला गोड. पापलेट, रावस यांच्यात गोडवा आधीच असतो. वर गूळ लावणं म्हणजे खरोखरच वाया. नदी-तळ्यातल्या माशाला ही गरज नसते, त्याचं मांस त्या मानाने सपक. त्याला बाहेरून काहीतरी द्यावं लागतं. आईचा कायदा बंदरावर शंभर टक्के खरा होता. मीच तो घाट चढवून वर नेला.

हे कळल्यावर घरी करून बघायला लागले. पहिल्यांदा शहाणपणा करून चटणी आधी लावली आणि मासा तव्यावर टाकला. गूळ आणि फळातली साखर क्षणात करपली, घरभर धूर, मासा बाहेरून कडू आणि आत कच्चा. गोड चटणी विस्तवाला दाखवायचीच नाही. मासा भाजून, सोलून, पानावर आल्यावर ती लावायची. हॉटेलात चुकतं ते इथे, असं माझं मत झालं आहे. त्यांना वर चकाकी हवी असते म्हणून ते साखर जाळीवर नेतात, आणि करपू नये म्हणून मग विस्तव कमी करतात, की मासा वाफेत लिबलिबीत होतो. खवलं ठेवायची युक्ती चिलापी, रोहू, कटला यांना लागू पडते. गॅसवर जमते, पण निखाऱ्यावर जमते तशी नाही. कोळशाची शेगडी गच्चीत ठेवली आणि प्रश्न सुटला.

करवंद पहिल्या पावसाबरोबर संपतं. मग वर्षभर काय? घोलवडचा चिकू लावून बघितला. डहाणू-घोलवडच्या चिकूला भौगोलिक मानांकन आहे, अभिमान आहे, सगळं आहे, पण त्यात आंबट नावाला नाही. माशावर शिरा वाढल्यासारखं लागलं. बहाडोलीचं जांभूळ बरं निघालं, त्याचा तुरटपणा मिरचीला धरतो, थोडी चिंच घालावी लागते. कच्ची करवंदं मिठात मुरवून ठेवली तर दिवाळीपर्यंत पोटात भरायला होतात. आवळा नको. का ते विचारू नका, नको.

समुद्राच्या माशांपैकी घोळीवर मी हा प्रयोग करणार होते, कारण तिचं मांस घट्ट, पांढरं, आणि जरा मवाळ चवीचं. पण घोळीचा भाव आता माणसाने विचारू नये असा झालाय. तिच्या पोटातल्या बोताला, म्हणजे हवेच्या पिशवीला, परदेशात सोन्याचा भाव. २०२१ साली आमच्या खाडीपलीकडच्या मुरब्याच्या एका बोटीला दीडशेवर घोळी एकदम लागल्या आणि लिलाव सव्वा कोटीच्या वर गेला. तेव्हापासून घोळ खाणारी माणसं कमी आणि तिची स्वप्नं बघणारी जास्त. मग शिंगाळ्यावर केला. त्याला खवलं नसतात, म्हणून केळीच्या पानात गुंडाळून भाजला. उत्तम झाला. आई दोन दिवस राहायला आली होती, तिने चटणी वेगळ्या वाटीत मागितली. मी दिली. आग्रह केला नाही. ज्या मताला मी इतकी वर्षं चिकटून होते ते तिचंच आहे, आणि तिच्या अंगणातून समुद्र दिसतो.

पापलेटाला मात्र अजून हात लावलेला नाही. त्याला २०२३ साली राज्यमासा केलं, ते बरंच झालं, पण सातपाटीत त्याआधीही त्याला कुणी सरकारी मान्यतेची वाट बघायला लावली नव्हती. त्याच्यावर करवंद पसरायचं म्हटलं तर हात थांबतो. यात रसायनशास्त्र किती आणि माहेर किती, हे मी तपासलेलं नाही आणि एवढ्यात तपासणारही नाही.

गेल्या मेमध्ये दाभोशाला पुन्हा गेले होते. गटाची चटणी आता बरणीत भरली जाते, वर चिकटपट्टीवर नाव. फाइलचं काम उरकलं, मासे झाले, सासूबाई नेहमीप्रमाणे चटणी बाजूला सारून जेवल्या. निघताना सून म्हणाली, “मॅडम, पुढच्या टायमाला तुमच्याकडचं पापलेट आणा ना. त्याला लावून बघू.”

मी म्हटलं, रावस आणते, मोठा आणते.

“रावस पण आणा,” ती म्हणाली.